डंजनेसला ‘ओसाड’ म्हणू नये

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या दैनिकाच्या रविवार पुरवणीत गेल्या आठवड्यात प्रयोगशील चित्रपटकारांविषयी एक लेख प्रसिद्ध झाला. त्यात ब्रिटिश चित्रकार आणि चित्रपटकार डेरेक जार्मन यांना दोन परिच्छेद मिळालेले पाहून मनापासून आनंद झाला, कारण मराठी वृत्तपत्रात हे नाव क्वचितच दिसते. परंतु त्या दोन परिच्छेदांत ‘ओसाड’ हा शब्द चार वेळा, ‘वैराण’ दोन वेळा आणि ‘ब्रिटनचे एकमेव वाळवंट’ हा शब्दप्रयोग एकदा आला आहे. मृत्यूची चाहूल लागल्यावर जार्मन यांनी जगाकडे पाठ फिरवून डंजनेसच्या उजाड किनाऱ्यावर आश्रय घेतला आणि तेथील रितेपणच त्यांच्या कलेत उतरले, असा निष्कर्षही लेखकाने काढला आहे. मी मूळची राजापूर तालुक्यातली. गेली एकवीस वर्षे इंग्लंडच्या केंट परगण्यात राहते, येथील एका ग्रंथालयात काम करते, आणि वर्षातून तीन-चारदा तरी त्या किनाऱ्यावर जाते. हा निष्कर्ष चुकीचा आहे आणि त्यामुळे एका मोठ्या कलावंताकडे पाहण्याची वाटच बंद होते, असे मला वाटते. म्हणून हे पत्र जरा विस्ताराने लिहीत आहे.

आधी वाळवंटाविषयी. डंजनेस हे इंग्लंडच्या आग्नेय टोकाला इंग्लिश खाडीत घुसलेले भूशिर आहे. समुद्राने हजारो वर्षे आणून टाकलेल्या चकमकीच्या गोट्यांचे ते बनलेले असून एवढा मोठा गोट्यांचा विस्तार युरोपात फार थोड्या ठिकाणी आढळतो. ‘ब्रिटनचे एकमेव वाळवंट’ ही उपाधी पर्यटकांसाठीच्या मजकुरात वर्षानुवर्षे फिरत आहे, पण ब्रिटनच्या हवामान खात्यानेच ती खोडून काढली आहे. वाळवंट म्हणण्याइतका कमी पाऊस तेथे पडतच नाही. सपाटीमुळे आणि झाडांच्या अभावामुळे पहिल्या नजरेला तेथे काहीच नाही असे वाटते हे खरे, परंतु याच गोट्यांत सुमारे ६०० जातींच्या वनस्पतींची नोंद झाली आहे. तेथे पक्ष्यांचे राखीव क्षेत्र आहे, मच्छीमारांच्या होड्या आहेत, १९०४ चे जुने आणि १९६१ चे नवे अशी दोन दीपगृहे आहेत, रेल्वेचे जुने डबे आणून त्यांची केलेली राहती घरे आहेत, आणि अवघ्या पंधरा इंच रुंदीच्या रुळांवरून धावणारी एक चिमुकली आगगाडी १९२८ पासून तेथपर्यंत येते. या सर्वांच्या मागे, आभाळाला टेकलेल्या दोन प्रचंड पेट्यांसारखी, अणुवीज केंद्रे उभी आहेत. त्यांतले पहिले १९६५ ते २००६ पर्यंत चालले. दुसरे २०१८ मध्ये थांबले आणि ते पुन्हा सुरू होणार नाही असे २०२१ मध्ये जाहीर झाले. ती चालू असताना समुद्र पश्चिमेकडचे गोटे वाहून नेई आणि केंद्राचा पाया उघडा पडू नये म्हणून पूर्वेकडचे गोटे ट्रकने भरभरून पुन्हा पश्चिमेला टाकावे लागत. जेथे माणसे आणि समुद्र यांची अशी रोजची ओढाताण चालते, त्या जागेला वैराण कसे म्हणावे?

आपल्या भाषेत गाव ‘ओस पडते’ ते माणसे निघून गेल्यावर. या शब्दात आधीची वस्ती आणि नंतरचे निघून जाणे दोन्ही गृहीत आहे. डंजनेसचे तसे काही झालेले नाही. आमच्या राजापूरकडच्या सड्यांनाही लोक सहज ओसाड म्हणतात, सातबाऱ्यावर त्यांची नोंद ‘पोटखराबा’ अशी होते, आणि त्याच कातळावर पावसाळ्यात फुलांचा गालिचा असतो, त्याच कातळावर हजारो वर्षांपूर्वीच्या माणसाने हत्ती, मासे आणि माणसे कोरून ठेवली आहेत. ती कातळशिल्पे २०२२ मध्ये युनेस्कोच्या संभाव्य वारसा यादीत गेली तेव्हा कोठे आमच्या सड्याकडे लोक वळून पाहू लागले. लहानपणी ज्या जमिनीला ‘तिथं काय आहे बघण्यासारखं’ असे म्हटलेले ऐकले, तिच्याविषयी मन जरा हळवे होते, हे मी नाकारत नाही. जार्मन यांच्याविषयी मला जे वाटते त्याचे मूळ तेथे आहे.

आता मुख्य मुद्दा. लेखाची मांडणी अशी आहे की आधी आजार आला, मग ओसाड जागा आली आणि मग त्या जागेतून कला आली. सालांची साधी मांडणी केली तरी हे टिकत नाही. जार्मन यांचा जन्म १९४२ चा. लंडनच्या स्लेड या कलाशाळेत ते चित्रकला शिकले, निसर्गदृश्ये रंगवत राहिले आणि पुढे चित्रपटांचे नेपथ्य करू लागले. १९७१ च्या सुमारास त्यांनी हातात मावणारा सुपर ८ कॅमेरा घेऊन विल्टशायरमधल्या एव्हबरी येथील प्राचीन शिलावर्तुळाच्या परिसरात एक छोटा चित्रपट केला. त्यात गोष्ट नाही, पात्र नाही. पिवळसर प्रकाशात न्हालेल्या पायवाटा, शेते, क्षितिज आणि उभे दगड एवढेच आहे. कॅमेरा बहुतेक वेळ स्थिर असतो आणि आपण त्या वाटेने आपल्या पायांनी चालत आहोत असे वाटू लागते. त्याच दशकात ते लंडनमध्ये टेम्स नदीकाठच्या जुन्या, रिकाम्या गोदामांत राहत होते. ‘द लास्ट ऑफ इंग्लंड’ या १९८७ च्या चित्रपटासाठी त्यांनी बंद पडलेल्या गोद्या आणि मोडकळीस आलेल्या गिरण्यांमध्ये चित्रीकरण केले. १९८९ च्या ‘वॉर रेक्विएम’साठी डार्टफर्डजवळचे एक बंद इस्पितळ निवडले. एचआयव्हीची लागण झाल्याचे निदान त्यांना २२ डिसेंबर १९८६ रोजी मिळाले, म्हणजे एव्हबरीच्या वाटांनंतर तब्बल पंधरा वर्षांनी. माणसांनी टाकून दिलेल्या किंवा दुर्लक्षिलेल्या जागेत जाऊन तेथे काय आहे ते पाहात राहणे ही त्यांची तरुणपणापासूनची सवय होती, आणि त्या सवयीचे श्रेय आजाराला देणे म्हणजे त्यांच्या अर्ध्या आयुष्याचे काम पुसून टाकणे आहे.

ही सवय त्यांच्या तंत्रातही उतरलेली आहे आणि त्याबद्दल लेखात एक ओळही नाही, याची खंत वाटते. सुपर ८ हे मुळात घरगुती सहली आणि वाढदिवस टिपण्यासाठीचे स्वस्त माध्यम. नेहमीच्या चित्रपटात सेकंदाला चोवीस चित्रे घेतली जातात. जार्मन अनेकदा त्याहून कितीतरी कमी चित्रे घेत, मग ती पट्टी प्रक्षेपकावर अतिशय संथ गतीने चालवत, आणि पडद्यावर पडलेले ते चित्र पुन्हा टिपून घेत. त्यामुळे हालचाल वाहत नाही. ती धडधडते, एकेक चित्र क्षणभर थबकून पुढच्यात विरघळते, फिल्मवरचे कण मोठे होतात, रंग भिंतीवरच्या ओल्या रंगासारखे पसरतात. चित्रकाराने चित्रपटाचा केलेला हा उपयोग आहे. आणखी एक फायदा असा की तीन मिनिटांची फिल्म कितीतरी लांब पुरते, आणि ज्यांच्याजवळ कायम पैशांची चणचण होती त्यांच्यासाठी हा फायदा लहान नव्हता. जे हाताशी आहे त्यातूनच काम उभे करायचे, ही त्यांची रीत कॅमेऱ्यात होती तशीच पुढे बागेत आली.

चित्रीकरणासाठी जागा शोधत फिरताना, अभिनेत्री टिल्डा स्विंटन आणि जोडीदार कीथ कॉलिन्स यांच्यासह, जार्मन डंजनेसला आले आणि तेथे विक्रीची पाटी लावलेली एक मच्छीमाराची झोपडी त्यांना दिसली. डांबर फासून काळी केलेली लाकडी भिंत आणि तिच्यात पिवळ्या चौकटीच्या खिडक्या, असे ते ‘प्रॉस्पेक्ट कॉटेज’. वडिलांकडून मिळालेल्या वारशातून, ३२,००० पौंड देऊन, त्यांनी ते विकत घेतले. भोवती माती नव्हतीच. त्यांनी गोटे उकरून खड्डे केले, त्यांत शेतावरून आणलेले खत भरले आणि रोपे लावली. पहिल्या रोपांपैकी एक रानगुलाब. त्याला टेकू म्हणून त्यांनी किनाऱ्यावर वाहत आलेले एक वेडेवाकडे लाकूड रोवले. मग रोज फिरायला गेल्यावर सापडेल ते घरी येऊ लागले: गंजलेल्या साखळ्या, नांगर, कुठल्याशा होडीचे खांब, आरपार भोक पडलेले गोटे, त्यांच्या ओवून केलेल्या माळा. निमुळते दगड उभे करून त्यांनी जी वर्तुळे मांडली ती पाहताना एव्हबरीची आठवण होतेच. घराच्या एका भिंतीवर जॉन डन या सतराव्या शतकातल्या कवीची, प्रेमिकांना जागे करणाऱ्या सूर्याला दटावणारी कविता लाकडी अक्षरांत ठोकलेली आहे. समुद्रावरून आलेला सकाळचा प्रकाश तिच्यावर पडतो.

या बागेला कुंपण नाही. हे पहिल्यांदा पाहिले तेव्हा मला फार खटकले होते, कारण आमच्याकडे परसाला गडगा हवाच, नाहीतर गुरे शिरतात आणि भावकी वाद घालते. जार्मन यांची बाग कोठे संपते आणि रान कोठे सुरू होते ते दाखवता येत नाही. तेथे मूळचीच उगवणारी ‘सी-केल’ नावाची एक भाजी, समुद्रकाठची कोबीची बहीण म्हणावी अशी, त्यांनी बागेत आणली नाही. ती होती तेथेच राहिली आणि बाग तिच्याभोवती वाढली. गेल्या मार्चमध्ये मी गुडघे टेकून तिच्याकडे बराच वेळ पाहिले. हिवाळ्यात ती पार नाहीशी होते, गोट्यांवर तिची खूणही उरत नाही. मग वसंताच्या तोंडी दोन गोट्यांच्या फटीतून जांभळा, सुरकुतलेला, मुठीसारखा मिटलेला कोंब वर येतो. खाली तिचे मूळ खोल, गोड्या पाण्याच्या ओलीपर्यंत गेलेले असते. आठवड्याभरात पाने उलगडतात, करडी-निळी, जाड, मेणचट. त्यांच्यावर पावसाचा थेंब अळवाच्या पानावर थांबावा तसा गोल होऊन थांबतो, आणि खारा वारा कितीही लागला तरी ती करपत नाहीत. जूनमध्ये पांढऱ्या फुलांचे घोस येतात आणि मधासारखा वास सगळ्या किनाऱ्यावर पसरतो. जार्मन यांच्यासारखा माणूस वर्षांमागून वर्षे हे पाहात, टिपून ठेवत, दैनंदिनीत लिहीत राहिला. मरणाचे प्रतीक शोधायला आलेल्या माणसाने एवढी रोपांची नावे लिहिली नसती.

त्याच जागेत १९९० चा ‘द गार्डन’ आकाराला आला. त्याविषयी आपल्या लेखकाने ‘वैयक्तिक आयुष्यातील वादळांचे पडसाद’ असे मोघम लिहिले आहे. हा संकोच आता सोडायला हवा. जार्मन समलिंगी होते, ते त्यांनी कधी लपवले नाही, आणि आपल्या आजाराविषयीही त्यांनी जाहीरपणे सांगितले, तेही अशा काळात जेव्हा ब्रिटनमधली वृत्तपत्रे एड्सग्रस्तांविषयी अत्यंत क्रूर भाषा वापरत होती. १९८८ मध्ये ब्रिटिश संसदेने स्थानिक स्वराज्य कायद्यात कलम २८ घालून नगरपालिकांसारख्या स्थानिक संस्थांना, त्यांच्या शाळांमधूनही, समलिंगी संबंधांचा ‘प्रसार’ करण्यास मनाई केली. इंग्लंडमध्ये ते कलम २००३ पर्यंत राहिले. ‘द गार्डन’मध्ये जवळजवळ संवाद नाहीत. एकमेकांवर प्रेम करणाऱ्या दोन पुरुषांचा छळ, ख्रिस्ताच्या यातनांच्या कथेशी गुंफलेला, या गोट्यांवर, या वाऱ्यात, मागे अणुवीज केंद्र गुणगुणत असताना आपल्यासमोर घडतो. जेथे आडोसाच नाही अशा जागी माणसाचा छळ झाला तर तो सर्वांच्या डोळ्यांदेखत होतो आणि पाहणाऱ्याला मान वळवायला जागा राहत नाही. या भूमीचे उघडेपण त्यांनी असे वापरले आहे. हे सारे ‘वैयक्तिक वादळ’ या दोन शब्दांत बसवणे अन्यायाचे आहे.

‘ब्लू’ या शेवटच्या चित्रपटाविषयी लेखात ‘पडद्यावर काहीच नसलेला चित्रपट’ असा उल्लेख आहे. पडद्यावर निळा रंग आहे, एकाच छटेचा, पूर्ण ७९ मिनिटे. आजाराने जार्मन यांची दृष्टी जवळजवळ गेली होती. या निळ्यावर आवाज येतात: इस्पितळातली प्रतीक्षा, औषधांची नावे, गेलेल्या मित्रांची आठवण, समुद्र, घंटा, पावले, संगीत. निवेदन नायजेल टेरी, जॉन क्वेंटिन, टिल्डा स्विंटन आणि स्वतः जार्मन यांचे आहे, संगीत सायमन फिशर टर्नर यांचे. सप्टेंबर १९९३ मध्ये चॅनल फोर ही दूरचित्रवाहिनी आणि बीबीसी रेडिओ थ्री यांनी तो एकाच वेळी प्रसारित केला आणि रेडिओच्या श्रोत्यांना ऐकताना समोर ठेवण्यासाठी निळे कार्ड मागवता येत होते. आपल्या वाचकांपैकी ज्यांचे बालपण आकाशवाणीवरची नभोनाट्ये ऐकण्यात गेले, त्यांना हा चित्रपट मुळीच परका वाटणार नाही. दिवा मालवून, डोळे मिटून ऐकलेल्या नाटकात आपणच घर उभे करत असू, दार उघडत असू, तसेच काहीसे येथे होते. शेवटी निवेदनातून जे फूल समोर येते ते निळे डेल्फिनियम आहे. दिसेनासे झाल्यावरही त्यांच्या मनात बाग होती.

जगाकडे पाठ फिरवल्याच्या विधानाबद्दल थोडक्यात सांगते. निदानानंतरच्या सात वर्षांत ‘द लास्ट ऑफ इंग्लंड’, ‘वॉर रेक्विएम’, ‘द गार्डन’, ‘एडवर्ड सेकंड’, ‘विट्गेनश्टाइन’ आणि ‘ब्लू’ असे सहा चित्रपट प्रेक्षकांसमोर आले, शिवाय पुस्तके, चित्रे, आणि डांबरात सापडलेल्या वस्तू बसवून केलेल्या काळ्या कलाकृती. मित्र सतत येत-जात होते, शेजारी होते. १९ फेब्रुवारी १९९४ रोजी, वयाच्या बावन्नाव्या वर्षी, त्यांचे निधन झाले. जवळच्याच ओल्ड रॉमनी गावातल्या चर्चच्या आवारात त्यांची कबर आहे. कीथ कॉलिन्स यांनी पुढे २०१८ मध्ये स्वतःचा मृत्यू होईपर्यंत ते घर आणि ती बाग सांभाळली. त्यानंतर घर विकले जाऊन त्यातल्या वस्तू विखुरण्याची भीती निर्माण झाली, तेव्हा ‘आर्ट फंड’ या संस्थेने २०२० च्या जानेवारीत लोकवर्गणीची हाक दिली आणि ३५ लाख पौंड अवघ्या दहा आठवड्यांत जमले. आठ हजारांहून अधिक लोकांनी त्यात आपला वाटा उचलला. आमच्या ग्रंथालयात येणाऱ्या एका वयस्क बाईंनी मला सांगितले होते की त्यांनी जार्मन यांचा एकही चित्रपट पाहिलेला नाही, परंतु त्या बागेसमोरून त्या लहानपणापासून ये-जा करतात, म्हणून त्यांनी पाच पौंड पाठवले. आता ‘क्रिएटिव्ह फोकस्टन’ ही संस्था त्या वास्तूची देखभाल करते आणि कलावंतांना तेथे राहून काम करता येते. घर आतून पाहायचे तर आधी नोंदणी करावी लागते. इंग्लंडला येणाऱ्या मराठी वाचकांना माझी एवढीच विनंती आहे की शेजारी माणसे राहतात हे ध्यानात ठेवावे, गोटे उचलून आणू नयेत, आणि पाऊल टाकण्यापूर्वी खाली पाहावे, कारण कोंब दिसण्याआधीच पायाखाली येतो.

शेवटी लेखासोबतच्या छायाचित्राविषयी. त्यात काळे घर, पिवळ्या खिडक्या, थोडी फुले आणि मागे मोकळे क्षितिज दिसते. ज्या कोनातून ते घेतले आहे तेथून उजवीकडे अणुवीज केंद्र दिसायलाच हवे. मी त्या जागी अनेकदा उभी राहिले आहे. चित्र छापताना ती बाजू कापली गेली असावी. जार्मन यांनी स्वतः ते केंद्र आपल्या चौकटीतून कधी वगळले नाही. रात्री त्याचे दिवे पेटत, ते त्यांनी टिपले, त्याविषयी लिहिले, त्याच्या सावलीत रोपे लावली. घर आणि क्षितिज एवढेच ठेवले की जागा ओसाड दिसते, आणि लेखकाने बहुधा ते छायाचित्र पाहूनच तसे लिहिले असेल. तरी ‘ब्रिटनचे एकमेव वाळवंट’ या विधानाची दुरुस्ती आपण प्रसिद्ध करावी, आणि जमल्यास त्याच जागी तेच छायाचित्र पुन्हा एकदा, न कापता, छापावे, ही नम्र विनंती.

आपली विश्वासू,
एक नियमित वाचक
ॲशफर्ड, केंट (इंग्लंड)